पाऊण इंची पटाशी

बस वळणावर जरा जोरात वळली आणि त्याच्या उजव्या मांडीला काहीतरी टोचलं. फार नाही, आपण आहोत एवढं सांगण्यापुरतंच. त्यानं आधी शेजारच्या बाईच्या पिशवीकडे संशयानं पाहिलं. बिचारीची पिशवी तिच्या पायाशी निमूट पडली होती. मग त्यानं हात मांडीवर ठेवला आणि विजारीच्या कापडावरूनच बोटांना सगळं समजलं. लाकडी मूठ, मुठीला पितळी कडं, खाली सपाट पोलाद आणि धारेवर चढवलेला सायकलच्या ट्यूबचा तुकडा. कारखान्यातली पाऊण इंची पटाशी. दुपारी ह्याच पटाशीनं त्यानं कपाटाच्या दारात बिजागऱ्यांच्या खाचा मारल्या होत्या. आता ती त्याच्या खिशात बसून, भर गर्दीच्या बसमधून, त्याच्याबरोबर घरी निघाली होती. त्यानं हात काढून घेतला, मग पुन्हा ठेवला, आणि पुढच्या थांब्यावर, आपला थांबा नसताना, उतरला.

आता बघा, सुताराच्या विजारीला मांडीवर लांब खिसा असतो तो कशासाठी? दिवसभर त्यात फूटपट्टी जाते, पेन्सिल जाते, पटाशी जाते, येते. संध्याकाळी एखादी वस्तू घरी आली तर बायको कटकट करते, हा दुसऱ्या दिवशी ती परत नेतो, संपलं. असं कुठल्याही सुताराचं महिन्यातून एकदा होतं. पण तो कुठलाही सुतार नव्हता, हीच तर गोम होती. दोन खेपा मिळून नऊ वर्षं आत काढून तो चार महिन्यांपूर्वी बाहेर आला होता. बहिणीनं सही केली म्हणून मुदतीआधी सोडला होता, आणि दर सोमवारी ठाण्यात जाऊन, मी आहे, सरळ आहे, असं तोंड दाखवून यायचं होतं. एवढ्यावर एक पटाशी पुरेशी होती. चव्वेचाळीस वर्षांच्या माणसानं एका पटाशीपायी थांब्यावरच्या बाकावर येऊन बसावं, ह्याचा त्याला राग आला. राग कुणावर काढायचा ते मात्र कळेना.

आतल्या सुतारशाळेत असं होणं शक्यच नव्हतं. तिथं भिंतीवर एक काळी फळी होती, भिंतभर. तिच्यावर प्रत्येक हत्याराची आकृती पांढऱ्या रंगानं काढलेली. रंध्याच्या जागी रंधा, करवतीच्या जागी करवत, पटाश्यांच्या सात आकृत्या लहानापासून मोठ्यापर्यंत. संध्याकाळी सगळ्यांनी हत्यारं आपापल्या आकृतीवर टांगायची, मग शिपाई फळीसमोर उभा राहायचा. एकही पांढरी आकृती उघडी दिसता कामा नये. एकदा दिसली. अर्ध्या इंची पटाशीची. तेव्हा चाळीस माणसं उन्हात ओळीनं उकिडवी बसवली होती, चार तास. कुणी काही बोललं नाही, पण प्रत्येकजण शेजाऱ्याला मनात शिव्या घालत होता. शेवटी पटाशी भुशाच्या पोत्यात सापडली. कुणाचा दोष नव्हता, ती नुसती पडली होती. तरी त्या रात्री जेवण मिळालं नाही. आणि फळी पुरी भरली तरी दारात झडती असायचीच. हात वर, पाय फाकवून. एक शिपाई होता, त्याला बारा महिने सर्दी. तो नाक ओढत ओढत काखेतून सुरुवात करायचा, कमरेचा पट्टा, मग खिसे, मग पोटऱ्या, शेवटी मोजे, आणि पाठीवर थाप मारून म्हणायचा, "जा, साफ आहेस." नऊ वर्षं रोज संध्याकाळी कुणीतरी त्याला साफ आहेस असं सांगितलं होतं. आपले खिसे आपण तपासायचे असतात ही गोष्टच तो विसरून गेला होता. विसरला होता, की असं आपण आता मनाशी म्हणतोय, हे त्याला नीट ठरवता येईना.

कारण ती ट्यूब. खाचा मारताना धार उघडी असते. उघड्या धारेची पटाशी चुकून खिशात घातली असती तर कापड फाटलं असतं, मांडी कापली असती. म्हणजे खिशात घालण्याआधी कुणीतरी धारेवर ट्यूब चढवली. कुणीतरी म्हणजे कोण, त्याचेच हात. बरं, ही सवय होती, हत्यार खाली ठेवताना तो नेहमीच ट्यूब चढवायचा, कारखान्याचा मालक मिस्त्री, त्यानं कौतुकही केलं होतं. सवयीनं चढवली असेल, सवयीनं खिशात सरकवली असेल. किंवा मग जपून न्यायची म्हणून चढवली असेल. दुपारचं सगळं त्यानं डोळ्यांसमोर आणून पाहिलं. दाराची फळी, पॉलिशचा वास, पॉलिशवाल्याचं गुणगुणणं, शेवटची खाच. त्यानंतरचा हात काही केल्या दिसेना.

त्यानं फोन काढला. फोनमध्ये चारच नंबर, ताईचा, भाऊजींचा, मिस्त्रीचा आणि ठाण्याचा. सहा वाजून गेले होते. मिस्त्री शटर ओढून स्कूटरवर बसून शहराच्या दुसऱ्या टोकाला निघाला असणार. फोन करून सांगायचं, मिस्त्री, तुमची पटाशी माझ्याबरोबर आली. त्यानं हे वाक्य ओठांत म्हणून पाहिलं. बाकावरचा म्हातारा वळून बघायला लागला. वाक्य बरोबर होतं, पण ते त्याच्या ओळखीचं होतं. मागच्या वेळी तो हेच म्हणाला होता. पहिल्या खेपेहून सुटल्यावर एका फर्निचरवाल्यानं त्याला कामावर ठेवलं, सात महिने झाले, आणि एका शनिवारी त्याच्या पिशवीत दुकानातलं ड्रिल मशीन आलं. लोकांना वाटलं, उपाशी असेल. वकिलानंही कोर्टात तसंच सांगितलं, आणि तो मान खाली घालून उभा राहिला. कसला उपाशी? दोन वेळ पोटभर जेवत होता. दुकानात कुणी नव्हतं, मशीन टेबलावर होतं, पिशवी हातात होती. उद्या परत ठेवू, असं त्यानं मनाशी म्हटलंसुद्धा होतं. रविवार गेला, सोमवार गेला, मग परत ठेवणं हेच चोरीपेक्षा अवघड होऊन बसलं, आणि मंगळवारी त्यानं ते विकलं. त्याला स्वतःचीच मती कधी कळली नव्हती. पोलिसांनी विचारलं तेव्हा तो म्हणाला, मशीन माझ्याबरोबर आलं. सगळं ठाणं हसलं होतं. एक हवालदार म्हणाला, "आलं? रिक्षानं आलं की चालत?" त्यानं फोन बंद करून वरच्या खिशात टाकला. त्या क्षणी फोन केला असता तर पुढचं काही झालं नसतं, पण हे सुचायलाही माणूस आधी शांत असावा लागतो.

घर तीन थांबे लांब. तो चालत निघाला, उजवा पाय जरा आखडून. कपड्यांच्या दुकानाच्या काचेत त्यानं स्वतःला चालताना पाहिलं आणि पाय सरळ टाकायला लागला. पोलीस चौकापाशी होताच, हातातल्या शिट्टीशी खेळत. पोलिसानं त्याच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. हल्ली त्याच्याकडे कुणीच बघत नसे, पहिले पंधरा दिवस त्याचीच त्याला गंमत वाटली होती. सुटल्यावर आठवड्याच्या आत तो वह्या-पुस्तकांच्या एका दुकानात शिरला होता आणि सुताराची चपटी लाल पेन्सिल घेतली होती. आत प्रत्येक वस्तूवर रंगानं नंबर घातलेला असायचा, थाळीवर, रंध्यावर, त्याच्या स्वतःच्या छातीवर. ह्या पेन्सिलीवर काही नव्हतं. दुकानदारानं कागदात गुंडाळून दिली तेव्हा तो म्हणाला, कागद नको, अशीच द्या. ती त्याच्या वरच्या खिशात असायची, आता बोटाएवढी उरली होती. त्यानं तिला हात लावून पाहिला. ही आपली, आणि मांडीवरची आपली नाही, एवढं तरी नक्की आहे ना, असं त्यानं स्वतःला विचारलं आणि जरा बरं वाटलं.

दार ताईनं उघडलं. "उशीर झाला रे," ती म्हणाली, आणि तिची नजर त्याच्या चेहऱ्यावरून हातांकडे आणि हातांवरून पायांकडे गेली. रोज तशीच जायची. "बस चुकली," तो म्हणाला. आतून टीव्हीसमोरून भाऊजींनी मान न वळवता विचारलं, "आला का?" भाऊजी माणूस वाईट नव्हता. पहिल्याच दिवशी समोर बसवून म्हणाले होते, "हे बघ, तुझ्या ताईसाठी मी हो म्हटलंय. पण एकदाच. दुसऱ्यांदा काही कानावर आलं, तर मी तुला काही बोलणार नाही, मी तिला बोलणार." ह्यापेक्षा दोन थोबाडीत दिल्या असत्या तर सोपं गेलं असतं. गॅलरीला काचा लावून त्यांनी त्याला झोपायला जागा केली होती. खाट, एक खुंटी, आणि ताईच्या कुंड्या.

"विजार काढून टाक, भिजवते," ताई म्हणाली. हेही रोजचंच. तो आंघोळीला गेला की ती त्याचे कपडे घ्यायची, खिसे उलटे करायची आणि जे निघेल ते स्वयंपाकघरातल्या फळीवर ओळीनं मांडून ठेवायची. पेन्सिल, बसची तिकिटं, कंगवा. शाळेत असताना ती त्याच्या चड्डीचे खिसे असेच उलटे करायची, गोट्या आणि खडे निघायचे, आणि ती कपाळावर हात मारून घ्यायची. चार महिने तो हे मायेनं चाललंय असं समजत होता. आत्ता गॅलरीत उभं राहून पट्टा सोडताना त्याच्या लक्षात आलं की फळीवरची ती ओळ फारच नीट असते. पण विचार करायला सवड नव्हती. हातांनी विचार केलाच नाही. कोरफडीच्या मोठ्या कुंडीत, भिंतीकडच्या बाजूला, पटाशी मुठीसकट मातीत गेली, वर माती बसली, बोटं टॉवेलाला पुसली, सगळं मिळून तीन श्वासांत. डोकं अजून काय करावं म्हणत होतं आणि हात मोकळे होऊन विजार पुढे करत होते. साबण लावताना त्यानं हात पुन्हा पुन्हा घासले, मातीचा कणही नव्हता तरी.

जेवताना भाऊजी कार्यालयातल्या कुणाच्या तरी बढतीबद्दल बोलत होते. तो हो हो करत होता. सांगून टाकावं असं दोनदा जिभेवर आलं. ताई, गंमत झाली आज, असं सुरू करायचं, हसायचं, पटाशी आणून दाखवायची. पण आता ती आणायची तर कुंडीतून उकरून आणायला लागणार. खिशातली पटाशी सांगता येते, मातीतली कशी सांगायची? चुकीनं आलेल्या वस्तूला कुणी पुरतं का? ताईनं आणखी एक चमचा भात घे म्हटल्यावर तो घेत गेला, आणि मग बटाट्याची भाजीही घेतली. भूक अजिबात नव्हती.

सकाळी त्यानं डोळे उघडले तेव्हा कुंड्यांना पाणी घातलेलं होतं. ओली माती, खालच्या ताटल्यांत पाणी. कोरफडीच्या कुंडीत भिंतीकडे खड्डा होता. त्यानं बोटं घालून पाहिली, उगीचच, दिसत होतं तरी. मग हात धुऊन तो स्वयंपाकघरात गेला. न्हाणीघरात भाऊजींच्या अंगावर पाणी पडत असल्याचा आवाज येत होता. ताई ओट्याशी पाठमोरी उभी होती, आणि ओट्यावर, धुऊन पुसून, जुन्या फडक्यावर पटाशी होती. ट्यूबचा तुकडासुद्धा तिनं धुतला होता.

"ही कुणाची?" ती हळू आवाजात म्हणाली.

"मिस्त्रींची. चुकून आली, ताई. खिशात राहिली. बसमध्ये कळलं मला."

"चुकून आली." ती वळली. तिचे डोळे रडलेले नव्हते, नुसते जागे होते. "मग कुंडीत का होती?"

ह्याचं उत्तर त्यानं रात्रभर शोधलं होतं. तू खिसे बघतेस म्हणून, असं म्हणता आलं असतं, आणि ते खरंही होतं, पण ते बोलून झाल्यावर ह्या घरात दोघांनी एकमेकांकडे बघायचं कसं? तो म्हणाला, "माहीत नाही."

"मला बनवू नकोस."

"खरंच माहीत नाही गं. माहीत असतं तर तुला नसतं सांगितलं?"

न्हाणीघरातलं पाणी थांबलं. दोघंही थांबली. मग पुन्हा पाणी सुरू झालं. ताई म्हणाली, "तू घरात आलास की मला भीती वाटते. आणि यायला उशीर झाला की त्याहून जास्त वाटते. मी त्यांना काही सांगितलेलं नाही. सांगणारही नाही. पण माझ्याच्यानं रोज हे होत नाही रे, बाबा." बोलता बोलता तिनं पटाशी फडक्यात गुंडाळली, त्याच्या जेवणाच्या डब्याच्या पिशवीत डब्याखाली सरकवली, वर चमचा ठेवला आणि पिशवीची गाठ मारली. तिच्या हातांनाही हे सराईतपणे करताना पाहून त्याला रडू फुटेलसं वाटलं. त्याच्यामुळे तिला हे यायला लागलं होतं.

कारखान्यात तो सगळ्यांच्या आधी पोचला. मिस्त्री शटर वर करून नुकताच चहाचा ग्लास घेऊन बसला होता. त्यानं फडकं उलगडून पटाशी मिस्त्रीसमोर ठेवली आणि चालताना पाठ केलेलं सगळं म्हणून टाकलं, काल खिशात राहिली, बसमध्ये कळलं, फोन करायला हवा होता, केला नाही. कुंडीचं सांगितलं नाही. मिस्त्रीनं पटाशी उचलून अंगठ्यानं धार पाहिली. "ही होय," तो म्हणाला. "मी काल जराशी शोधली. म्हटलं गेली असेल भुशात. ठेव तिथं, आणि चहा घे." एवढंच. चाळीस माणसं उकिडवी बसली नाहीत, कुणाचं जेवण बंद झालं नाही. खिडकीखालच्या टेबलावर हत्यारं एकावर एक पडली होती, कालही अशीच होती, त्यातली चार कमी झाली असती तरी कुणाला आठवडाभर पत्ता लागला नसता. माणसाला हायसं वाटायला हवं. त्याला मात्र दरदरून घाम आला.

"मिस्त्री," तो म्हणाला, "संध्याकाळी जाताना माझे खिसे बघत जा."

मिस्त्री हसला. मग त्यानं वर पाहिलं आणि हसणं थांबवलं. "मी काय शिपाई आहे?"

"दोन मिनिटांचं काम आहे. दारातच. कुणी नसताना."

"हे बघ," मिस्त्रीनं ग्लास खाली ठेवला, "तू आलास तेव्हा ठाण्यातून मला सगळं सांगितलं होतं. दोन दिवस मी घोळत बसलो होतो. मग म्हटलं, ठेवायचा तर माणसासारखा ठेवायचा, नाहीतर ठेवायचाच नाही. खिसे तपासून कामाला ठेवणं आपल्याला जमणार नाही बाबा. तू तुझे बघ, मी माझे बघतो." पॉलिशवाला येऊन ब्रश भिजवायला लागला होता, त्यानं कान टवकारले. मिस्त्री उठला. विषय संपला. इतक्या भल्या माणसाला कसं सांगायचं की तुम्ही मला चांगुलपणानं एकटं सोडताय? त्या दिवशी त्यानं चार दारं बसवली, एकही खाच वाकडी गेली नाही. पटाशी वापरून झाली की ती टेबलावर ठेवायचा, दोन पावलं मागं सरून पाहायचा, मग पुढचं काम घ्यायचा. दुपारी त्यानं टेबलाच्या कडेला पेन्सिलीनं हलकेच तिची आकृती काढली. पॉलिशवाला म्हणाला, "काय, फोटो काढतोस काय तिचा?" त्यानं बोटानं रेघ पुसून टाकली.

सहा वाजता तो शटरच्या आतल्या बाजूला थांबला आणि आपले खिसे तपासले. मांडीवरचा, मागचे दोन, वरचा. पट्टा. मोजे. काही नव्हतं. पुन्हा तपासले. मिस्त्री किल्ली हातात घेऊन बाहेर उभा होता आणि मुद्दाम रस्त्याकडे बघत होता, त्याला लाज वाटू नये म्हणून. त्यानं तिसऱ्यांदा सुरुवात केली आणि मध्येच सोडून दिलं. ज्या हातांनी पटाशी खिशात घातली, ज्यांनी ती तीन श्वासांत मातीत पुरली, तेच हात आता काही नाही म्हणून सांगत होते. त्यांचं कुणी ऐकावं? बसमध्ये तो सगळा वेळ मांडीवर हात ठेवून बसला. शेजारी एक माणूस पेपर वाचत होता. त्याला सांगावंसं वाटलं, जरा बघता का हो माझ्या खिशात काय आहे ते. वेड लागतं म्हणतात ते असंच लागत असेल, हळूहळू, बसमध्ये बसल्या बसल्या.

ताईनं दार उघडलं. आज उशीर झाला नव्हता. भाऊजी अजून यायचे होते, टीव्ही बंद होता. "दिलीस?" तिनं विचारलं. "दिली. काही बोलले नाहीत," तो म्हणाला. ती बाजूला झाली, पण तो आत आला नाही. उंबऱ्यापाशी त्यानं पिशवी खाली ठेवली, पाय जरा फाकवले आणि दोन्ही हात वर केले. ताई बघत राहिली. "हे काय?" ती म्हणाली. "बघ," तो म्हणाला. जिन्यावर वर कुठंतरी दार लागलं. तिनं घाईनं त्याच्या दंडाला धरून त्याला आत ओढलं, दार लावलं, कडी घातली. तो पुन्हा तसाच उभा राहिला, हात वर करून, भिंतीकडे तोंड. "रोज तुला खिसे उलटे करायला लागणार नाहीत मग," तो भिंतीला म्हणाला. "मी समोर असतानाच बघत जा. म्हणजे तुलाही कळेल आणि मलाही कळेल."

मग तिचे हात आले. आधी काखेत, चाचपडत, गुदगुल्या होतील की काय अशा भीतीनं. मग कंबर, पट्ट्याच्या आत दोन बोटं. मागचे खिसे. मांडीवरचा लांब खिसा तिनं तळापर्यंत पाहिला, कोपऱ्यातला भुसासुद्धा काढला. ती खाली बसली, पोटऱ्या, मोजे. तिनं नाक ओढल्याचा आवाज आला, सर्दी झाल्यासारखा, आणि त्याला कळलं की ती रडतेय. त्याला मात्र, चार महिन्यांत पहिल्यांदा, श्वास पार पोटापर्यंत जाऊन आला. खांदे सैल झाले. आपल्याला बरं वाटतंय हे कळून त्याची त्याला इतकी शरम वाटली की कपाळ त्यानं भिंतीला टेकवलं.

ती उठली. शेवटी तिनं त्याच्या वरच्या खिशात हात घातला आणि चपटी लाल पेन्सिल बाहेर काढली, बोटाएवढी उरलेली. चार महिने ही पेन्सिल तिनं रोज फळीवर मांडली होती. आज ती तिनं उजेडात धरली, उलटी करून पाहिली. तिच्यावर काही लिहिलेलं नव्हतं.

"ही कुणाची?" तिनं विचारलं.

त्याला दुकान आठवलं, काचेचं कपाट, दुकानदाराचा चष्मा, कागद नको अशीच द्या. सगळं लख्ख आठवलं. तो सांगणारच होता. मग दुपारी टेबलाच्या कडेला रेघ ओढणारी पेन्सिल आठवली. टेबलावर तशाच आणखी दोन लाल पेन्सिली पडलेल्या असतात, त्याही तेवढ्याच झिजलेल्या.

"उद्या मिस्त्रींना विचारतो," तो म्हणाला.

"विचार," ताई म्हणाली. तिनं पेन्सिल फळीवर ठेवली, इतर वस्तूंपासून जरा बाजूला, आणि तो हात धुवायला गेला.